बांगड्याची काल्देइरादा: पोर्तुगीज थर आणि वेंगुर्ल्याची सोलं

ओलीवाळू

दोन वर्षांपूर्वी बाबांना हृदयाचा त्रास झाला. डॉक्टरांनी तळलेलं बंद केलं आणि नारळ कमी करायला सांगितलं. मासे मात्र खा म्हणाले, तेही बांगडा, तारली असे तेलकट मासे. अख्खा जन्म वेंगुर्ल्यात गेलेल्या माणसाने नारळाच्या वाटपाशिवाय मासे कसे खायचे, हे घरात कुणालाच सुचेना. आईने चार दिवस तिखलं, म्हणजे नारळाशिवायचं तिखट कालवण, केलं. पाचव्या दिवशी तिखटाने पोट बिघडलं आणि बाबा वरणभातावर आले. मासे आणायलाही जाईनात. फोनवर त्यांचा आवाज ऐकून मला फार वाईट वाटलं.

मी लिस्बनला राहते. आमच्या शेजारच्या आजी बहुतेक शनिवारी काल्देइरादा करतात. हा पोर्तुगालच्या कोळ्यांचा मासळीचा रस्सा. काल्देइरा म्हणजे मोठं पातेलं, त्यावरून नाव पडलं. यात फोडणी नाही, वाटण नाही, मासा तळणं नाही. पातेल्यात कांदा, बटाटा, टोमॅटो, ढबू मिरची, मासे असे थर लावायचे, वरून ऑलिव्हचं तेल आणि थोडी पांढरी वाईन घालायची, झाकण ठेवायचं आणि मंद आचेवर सोडून द्यायचं. चमचा आत घालायचा नाही. आजी पातेल्याचे दोन्ही कान धरून ते हिंदकळवतात, तेवढंच. पाणी जवळजवळ नसतंच, कांदा-टोमॅटोच्या अंगच्या पाण्यातच सगळं शिजतं.

त्यांच्याकडे बसून मी हे पहिल्यांदा खाल्लं तेव्हा बाबांचीच आठवण आली. बटाटा विरघळून रसाला दाटपणा येतो, म्हणजे नारळाचं एक काम बटाट्याने केलं. उरला आंबटपणा आणि वास. वाईन बाबांना चालणार नव्हती, पण आमच्याकडे सोलं (कोकमं) होती आणि तिरफळं (उग्र वासाची सुकी फळं) होती. बांगड्याला तिरफळाएवढं काही शोभत नाही, हे कोकणात कुणाला सांगायला नको.

चार माणसांसाठी माझं माप असं:

मध्यम बांगडे ६ (साफ करून साधारण पाऊण किलो), बटाटे ३, मोठे कांदे २, पिकलेले टोमॅटो ३, ढबू मिरची १, लसूण ८ पाकळ्या, तमालपत्र १, हळद अर्धा चमचा, मालवणी मसाला दीड चमचा, कोकम ६-७, तिरफळं ८-१०, कोथिंबीर काड्यांसकट मूठभर, तेल २ मोठे चमचे, पाणी दीड वाटी. मीठ नेहमीपेक्षा कमी घाला, कारण कोकमात ते असतंच.

बांगड्याचे दोन-दोन तुकडे करून त्यांना हळद आणि चिमूटभर मीठ लावून ठेवा. जाड बुडाच्या टोपात आधी तेल, त्यावर कांद्याच्या चकत्या, लसूण, कोथिंबिरीच्या काड्या, मग बटाट्याच्या पाव इंच जाडीच्या चकत्या. त्यावर निम्मा मसाला भुरभुरवा. मग ढबू मिरची, तमालपत्र आणि पाणी. झाकण ठेवून बारा-पंधरा मिनिटं मंद आच. बटाट्यात सुरी जायला लागली की टोमॅटो, उरलेला मसाला, वाटीभर गरम पाण्यात भिजवलेली कोकमं पाण्यासकट, आणि वर बांगडे. तिरफळं पाण्यात भिजवून, काळ्या बिया काढून, नुसती टरफलं जरा ठेचून माशांवर टाका. पुन्हा झाकण, आठ ते दहा मिनिटं. टोप दोनदा हिंदकळवा. गॅस बंद करून कोथिंबीर घाला आणि दहा मिनिटं उघडू नका.

कोकम आणि टोमॅटो नंतर घालायचं कारण सांगते. पहिल्या वेळी मी आजींसारखं सगळं एकदम लावलं होतं. पाऊण तास झाला तरी बटाटा कच्चाच, आणि तोवर बांगड्याचा भुगा. आंबटात बटाटा मऊ पडत नाही, हे मला ठाऊक नव्हतं. आजींच्या पातेल्यात टोमॅटो-वाईनचा आंबटपणा बेताचा असतो. आपल्या सोलांपुढे तो काहीच नाही.

मे महिन्यात घरी जाऊन हे केलं. बाबा एक घास खाऊन गप्प बसले. मग म्हणाले, "ह्यां कालवण न्हय, पण भातावर बरां लागता." दुसऱ्या दिवशी सकाळी पिशवी घेऊन ते बंदरावर गेले.

मडगांवकार

छान लिहिलंय, बाबांचं वाचून बरं वाटलं. एक गोष्ट मात्र नोंदवतो. हा मेळ गोव्यात जुना आहे. १५१० ते १९६१, साडेचारशे वर्षं पोर्तुगीज इथे होते. आमच्या ख्रिस्ती घरांत काल्देइरादा याच नावाने होते. आणि काल्दिन तर रोजचं जेवण: धणे, जिरं, हळद, मिरी, हिरवी मिरची आणि नारळाचा रस, सौम्य पिवळं. पोर्तुगीजांच्या साध्या रश्शात गोव्याने नारळ घातला आणि त्याचं काल्दिन झालं. तुम्ही उलट्या दिशेने गेलात, नारळ काढून परत थरांकडे. म्हणून मला हे जास्त रंजक वाटलं.

वाईनच्या जागी आम्ही माडाचं व्हिनेगर घालतो. एक चमचा पुरतं. सोलं आणि व्हिनेगर दोन्ही एकदम नको, एकच आंबट ठेवा. बांगड्याला सोलंच हवीत, पण कोलंबी किंवा राणे मासे असतील तर व्हिनेगर करून बघा.

ओलीवाळू

मडगांवकार, हे सांगितलंत ते फार बरं झालं. "माझा नवा शोध" असं मला म्हणायचंच नव्हतं. काल्दिन मी खाल्लंय, पण त्या नावाच्या मुळाकडे लक्षच गेलं नव्हतं. काल्दिन्यु म्हणजे पातळसा रस्साच ना.

पाचूबंदर

वसईहून लिहिते. आम्ही मराठी बोलणारे ख्रिस्ती. १५३४ ते १७३९ इथेही पोर्तुगीज होते, चिमाजी अप्पांनी किल्ला घेतला तोवर. त्यामुळे ओलीवाळू, तुमचं पातेलं मला परकं वाटलं नाही.

मी काल केलं. मालवणी मसाला नव्हता, आमचा बाटली मसाला घातला. उन्हाळ्यात भाजून कुटून बाटल्यांत दाबून भरतो तो. बांगडे महाग होते, म्हणून ढोमे आणि मूठभर कोलंबी घेतली. कोलंबीची डोकी आणि सालं फेकली नाहीत. दोन वाट्या पाण्यात कांद्याच्या तुकड्याबरोबर पंधरा मिनिटं उकळून गाळली आणि साध्या पाण्याऐवजी तेच पाणी वापरलं. एवढ्याशा कोलंबीत अख्ख्या टोपाला चव आली. कमी पैशांत करायचं असेल तर ही युक्ती कुणी सोडू नका.

ढोमे नाजूक असतात, त्यांना सहा मिनिटं पुरतात. आमच्या घरी तिरफळ कुणी खात नाही, ते घातलं नाही.

कोंडुरा

धागा वाचतोय, पण नारळाला आरोपी करू नये असं मनापासून वाटतं. आमच्या आज्या रोज वाटप घालून नव्वदीपर्यंत जगल्या. शेतात राबत होत्या हे मान्य. पण हृदयविकार नसलेल्या माणसानेही नारळ सोडायचा का? हुमणाची, म्हणजे आपल्या नारळाच्या वाटणातल्या माशाच्या कालवणाची, चव या रश्शाला येणार आहे का?

ओलीवाळू

नाही येणार, आणि ती आणायचा प्रयत्नही मी केला नाही. हुमण हे हुमणच. घरात ज्यांना पथ्य नाही त्यांच्यासाठी आई आजही वाटण लावते. बाबांना मात्र रोज वेगळं, बेचव, आजाऱ्याचं ताट वाढलं जात होतं, तेच मला नको होतं. आता टोप एकच असतो आणि सगळे त्यातलंच खातात. नारळातली चरबी बहुतेक संपृक्त असते, म्हणून डॉक्टरांनी त्यांच्यापुरता हात आखडायला सांगितला. तुम्हाला हवं तर शेवटी दोन चमचे नारळाचा रस सोडा, बिघडणार काहीच नाही.

साखरपथ्य

मी आहारतज्ज्ञ म्हणून काम करते, त्यामुळे थोडं लिहिते.

बांगडा आणि तारली यांत ओमेगा-३ भरपूर असतं, आणि ते सुरमई-पापलेटच्या कितीतरी कमी पैशांत मिळतं. अमेरिकन हार्ट असोसिएशन आठवड्यातून दोनदा मासे खायला सांगते, त्यातही तेलकट माशांवर भर देते. आपल्याकडे नेमके हेच मासे "गरिबाचे" म्हणून बाजूला पडले. तारली इतकी मऊ शिजली की बारीक काटे चावून खाता आले, तर कॅल्शियमही मिळतं.

पण दोन सावधगिऱ्या. ज्यांचं युरिक ॲसिड वाढलेलं आहे, त्यांनी तारली, बांगडा, तिसऱ्या (शिंपल्या) या गोष्टी डॉक्टरांना विचारल्याशिवाय वाढवू नयेत. आणि मधुमेहींसाठी: या रश्शात बटाटा आहेच. त्याबरोबर भात आणि पाव दोन्ही घेतलं तर स्टार्च तिप्पट झाला. बटाटा एक ठेवा, बाकी कोबी किंवा शेवग्याच्या शेंगा घाला, आणि भाकरी किंवा भात, एकच काहीतरी घ्या. माझ्या घरी मी दोन बटाट्यांच्या जागी दुधी घालते. रस जरा पातळ होतो, चव तीच राहते.

मडगांवकार

कोबी म्हणालात म्हणून आठवलं. कोबी हा शब्द पोर्तुगीज कोव्हवरून आला, बटाटा तर त्यांचाच शब्द, पावही त्यांचाच. काजू, पपई, अननस हेही त्याच जहाजांतून उतरले. आमच्याकडे हा रस्सा पोईबरोबर (गोव्याच्या पावाबरोबर) खातात. कोंड्याची पोई मिळाली तर मधुमेहींना बरी पडेल ना?

साखरपथ्य

मैद्याच्या पावापेक्षा नक्कीच बरी. पण एकच.

भांडुपकर_८४

पाकृ आवडली. माझ्यासारख्या एकट्या राहणाऱ्याला कुकरमध्ये होईल का? आणि संध्याकाळी आठला घरी येताना बाजारात जे बांगडे उरलेले असतात ते स्वस्त मिळतात, वाटाच्या वाटा उचलायला सांगतात. ते चालतील ना?

जाळंवल्हं

भांडुपकर, थांबा. दिवसभर बर्फाशिवाय पाटीवर पडलेला बांगडा घेऊ नका, कितीही स्वस्त असला तरी. मी मासळी प्रक्रियेच्या कारखान्यात वीस वर्षं काढली आहेत, म्हणून तळमळीने सांगतो. बांगडा, तारली, कुपा (ट्यूना) या माशांच्या मांसात हिस्टिडीन नावाचा घटक जास्त असतो. मासा उबेत राहिला की जिवाणू त्याचं हिस्टामिन करतात. हिस्टामिन एकदा तयार झालं की ते उकळून जात नाही, तळून जात नाही, आणि फ्रीजमध्ये ठेवूनही कमी होत नाही. खाल्ल्यावर काही मिनिटांत किंवा तास-दोन तासांत तोंड लाल होतं, अंगाला खाज सुटते, डोकं ठणकतं, उलट्या होतात. लोकांना वाटतं माशाची ॲलर्जी आली. बहुतेक वेळा दोष मासा कसा ठेवला होता त्याचा असतो. वास दर वेळी येईलच असंही नाही.

म्हणून मासेवाल्या मावशींकडे बर्फात ठेवलेलाच घ्या. कल्ले उघडून बघा, लाल हवेत. डोळा फुगीर आणि स्वच्छ हवा. बोटाने दाबलं तर खड्डा राहता कामा नये. घरी न्यायला तासाभराहून जास्त लागणार असेल तर मावशींकडूनच पिशवीत बर्फ मागून घ्या, त्या देतात. घरी आल्या आल्या पोट साफ करून फ्रीजमध्ये टाका. "मीठ-हळद लावून ठेवलंय" म्हणून ओट्यावर दोन तास ठेवू नका.

स्वस्तच हवा असेल तर सकाळी जा आणि जो मासा त्या दिवशी खूप आलाय तो घ्या. तारलीची रास लागली असेल तर तारली. ठरवून गेलात की महागच पडतं.

ओलीवाळू

जाळंवल्हं काका, खूप आभार. मी वर "हळद-मीठ लावून ठेवा" एवढंच लिहिलं होतं. तो वेळ फ्रीजमध्येच, आणि बटाटा शिजेपर्यंतचाच. 

भांडुपकर, कुकरमध्ये मासा नको. खालचा थर हवं तर कुकरमध्ये एका शिट्टीत शिजवा. वाफ गेली की झाकण काढून टोमॅटो, कोकम, मासे घाला आणि वर साधी ताटली ठेवून शिजवा. पण कुकर ॲल्युमिनियमचा असेल तर कोकम त्यात घालू नका, रस स्टीलच्या टोपात काढा. एकट्यासाठी दोन बांगडे, एक बटाटा, एक कांदा, एक टोमॅटो, दोन कोकमं.

भांडुपकर_८४

शनिवारी सकाळी गेलो. १५० रुपयांत तारलीचा वाटा आला, मावशींनी साफ करून दिला. केलं. बटाटा मस्त झाला, पण रस कडवट लागला. काय चुकलं असेल?

कोंडुरा

तिरफळाच्या बिया राहिल्या का? किंवा मिक्सरला लावलंत का? तिरफळ वाटायचं नसतं. फक्त ठेचायचं, शेवटी घालायचं, आणि जेवताना बाजूला काढायचं.

भांडुपकर_८४

मिक्सरला लावलं होतं, बियांसकट. पुढच्या वेळी नाही.

कोंडुरा

आणखी एक. तारलीचं पोट साफ करताना आतला पित्ताचा भाग फुटला तरी कडू लागतं. पोटातली काळी पातळ त्वचाही बोटाने चोळून काढा. माझा नारळाचा आग्रह कायम आहे, पण बायकोने परवा ओलीवाळूंच्या पद्धतीने केलं आणि मी भात दोनदा घेतला, हे कबूल करायला हवं. मातीच्या मडक्यात केलं होतं. गॅस बंद केल्यावर मडकं बराच वेळ आतून शिजवत राहतं, म्हणून मासे घातल्यावर पाच मिनिटांतच आच बंद केली. तेवढं बरोबर जमलं.

खाडीकाठ

पावसाळ्यात काय करायचं? १ जून ते ३१ जुलै यांत्रिक नौकांची मासेमारी बंद. मग बाजारात बर्फाचा जुना माल किंवा सुकं. सुक्या खाऱ्या बांगड्याची काल्देइरादा होईल का?

ओलीवाळू

पोर्तुगालमध्ये सुकवलेल्या खारवलेल्या कॉड माशाला बकाल्याव म्हणतात. तो शिजवण्याआधी एक-दोन दिवस पाण्यात ठेवतात आणि पाणी पुन्हा पुन्हा बदलतात, तेव्हा कुठे मीठ उतरतं. आपण खारा बांगडा अर्धा तास भिजवतो आणि मीठ तसंच पोटात जातं. करायचं असेल तर रात्रभर फ्रीजमध्ये भिजवा, तीन-चारदा पाणी बदला आणि वरून मीठ अजिबात घालू नका. तरीही रक्तदाब असलेल्यांना मी सुचवणार नाही. बाबांना तर नाहीच.

पाचूबंदर

खाडीकाठ, तुमच्या नावातच उत्तर आहे. जून-जुलैत खाडीतल्या तिसऱ्या घ्या. आम्ही विळीवर उघडून एका शिंपीला मांस ठेवून घेतो, पण या रश्शात तो त्रासही नको. तीन-चारदा धुवा, दोन तास मिठाच्या पाण्यात ठेवून रेती सोडू द्या, मग मिटलेल्याच वरच्या थरावर पसरा. वाफेत पाच मिनिटांत उघडतात आणि त्यांचं पाणी रसात उतरतं. ज्या उघडणार नाहीत त्या टाकून द्या. मीठ नंतर चाखूनच घाला, त्यांचं पाणी खारट असतं.

खाडीकाठ

केलं! दोन वाट्या तिसऱ्या, तीन बटाटे, कोकमं चारच. मुलं शिंपल्याने रस पीत बसली. ओलीवाळू, तुमच्याकडे रस उरतो का? आमच्याकडे वाटीभर उरला, सकाळी काय करू कळेना.

ओलीवाळू

उरतो आणि दुसऱ्या दिवशी जास्त चांगला लागतो. रात्री मासे आणि काटे वेगळे काढून रस लगेच फ्रीजमध्ये ठेवायचा. तमालपत्र आणि तिरफळं काढून टाकायची, नाहीतर सकाळी वास उग्र होतो.

इकडे आजी त्या रसात थोडं पाणी घालून उकळतात आणि आखूड मॅकरोनी शिजवतात, वर उरलेल्या माशाचा चुरा. हे मी बाबांना फोनवर सांगितलं. ते विचार करत राहिले आणि म्हणाले, मॅकरोनी कशाला, शिरवाळे (तांदळाच्या शेवया) आहेत की. आईला पटलं नाही, शिरवाळे नारळाच्या गोड रसातच खायचे असतात म्हणाली. पण रविवारी तिनेच साच्यातून ताजे शिरवाळे पाडले. रस उकळून त्यात एक टोमॅटो किसून घातला, काटे काढलेला बांगडा सोडला, ताटलीत शिरवाळे मोडून त्यावर तो गरम रस ओतला. रस पातळच हवा, दाट असेल तर शिरवाळ्यांचा गोळा होतो. मूठभर शिरवाळ्यांना दीड वाटी रस लागतो.

बाबांनी फोटो पाठवला आहे. ताटली रिकामी आहे, कडेला तीन तिरफळं. आई काढायची विसरली वाटतं.